संकलनाच्या टेबलापासून दिग्दर्शनापर्यंत : एस्फीर शूब यांच्या अनुबोधपटांतील कर्तृत्वाचा प्रश्न

बीजशब्द : संकलन, अनुबोधपट, वृत्तपट, संग्रहित चित्रफीत, कर्तृत्व

प्रस्तावना

चित्रपटविषयक मराठी लेखनात दिग्दर्शकाचा विचार मोठ्या प्रमाणावर झाला आहे. नट-नट्या, संगीतकार, गीतकार यांच्याविषयीही विपुल लिहिले गेले. संकलक मात्र श्रेयनामावलीतील एका ओळीपलीकडे सहसा येत नाही. संकलन जितके चांगले तितके ते प्रेक्षकाला जाणवत नाही, हे याचे एक कारण. दुसरे कारण अधिक खोलवरचे आहे. संकलक दुसऱ्याने टिपलेल्या दृश्यांवर काम करतो; म्हणून तो कुशल कारागीर होय, कर्ता नव्हे, असा समज चित्रपटव्यवसायात आणि काही अंशी समीक्षेतही रूढ झालेला दिसतो.

हा समज तपासून पाहावयाचा तर सोव्हिएत संकलक आणि अनुबोधपटकार एस्फीर शूब (१८९४-१९५९) यांच्या कारकिर्दीइतके योग्य उदाहरण क्वचितच सापडेल. शूब यांनी आपल्या पहिल्या आणि सर्वांत गाजलेल्या चित्रपटासाठी कागदपत्रे, वृत्तपत्रे यांची थोडी पूरक दृश्ये वगळता नवे असे काही चित्रित केले नाही. तरीही तो चित्रपट त्यांचाच आहे. हे कर्तृत्व नेमके कशात आहे, ते त्यांना संकलनाच्या कामातून कसे लाभले आणि ते पुढे का क्षीण झाले, यांचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

परक्या चित्रपटांवर झालेले शिक्षण

शूब यांचा जन्म तत्कालीन चेर्निगोव्ह प्रांतातील सुराझ येथे झाला. साहित्याच्या अभ्यासासाठी त्या मॉस्कोला आल्या. क्रांतीनंतर शिक्षण खात्याच्या नाट्यविभागात काम करीत असताना मेयरहोल्ड, मायकोव्हस्की यांच्या वर्तुळाशी त्यांचा परिचय झाला. १९२२ साली त्या 'गोस्किनो' या सरकारी चित्रपटसंस्थेत दाखल झाल्या. तेथे त्यांच्याकडे आलेले काम आजच्या वाचकाला काहीसे चमत्कारिक वाटेल. यादवी युद्धानंतर सोव्हिएत चित्रपटगृहांना पुरेल इतकी देशी निर्मिती होत नव्हती. त्यामुळे जर्मन, अमेरिकन, फ्रेंच चित्रपट मोठ्या संख्येने आयात होत. परंतु ते आहेत तसे दाखविणे नव्या राजवटीला मान्य नव्हते. हे चित्रपट पुन्हा कापून, त्यांच्या मधल्या पाट्या बदलून, प्रसंगांचा क्रम फिरवून ते 'योग्य' करणे हे शूब यांचे काम होते. अशा सुमारे दोनशे परदेशी चित्रपटांचे पुनर्संकलन त्यांनी केल्याचे सांगितले जाते. फ्रिट्झ लांग यांचा 'डॉ. माबुझे' हा दोन भागांचा दीर्घ चित्रपट १९२४ मध्ये त्यांच्या हातून एका भागाचा होऊन, नव्या नावाने प्रदर्शित झाला. त्या कामाच्या वेळी संकलन शिकण्यासाठी त्यांच्या टेबलापाशी येऊन बसणाऱ्या तरुणाचे नाव सर्गेई आयझेनस्टाइन. 'स्ट्राइक' हा त्यांचा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट त्यानंतरचा, १९२५ चा आहे.

नैतिकदृष्ट्या पाहता हे काम फारसे अभिमानास्पद नव्हते. दुसऱ्या कलावंताची कृती त्याच्या अनुमतीशिवाय मोडणे आणि तिच्यातून त्याला अभिप्रेत नसलेला अर्थ काढणे याला सेन्सॉरची कात्रीच म्हणावे लागेल. परंतु शिक्षण म्हणून या कामाला जोड नव्हती. एखादे दृश्य स्वतःपुरता कोणता अर्थ बाळगते आणि कोणता अर्थ त्याला केवळ शेजारच्या दृश्यामुळे चिकटतो, हे दोनशे चित्रपट उलगडून पुन्हा जोडणाऱ्या व्यक्तीइतके कोणाला कळणार? हसणाऱ्या माणसाच्या पुढे मेजवानी जोडली तर तो आनंदी ठरतो, प्रेतयात्रा जोडली तर क्रूर ठरतो. कुलेशोव्ह यांनी याच सुमारास प्रयोग करून हे तत्त्व मांडले. शूब यांना ते रोजच्या कामातून हाताला लागले होते.

त्याच काळात संकलनकक्षातील बरेचसे काम स्त्रियाच करीत असत. फिती तपासणे, निवडणे, जोडणे ही कामे शिवणकामासारखी चिकाटीची मानली जात आणि म्हणूनच ती 'बायकांची' ठरविली गेली होती. झिगा व्हर्तोव्ह यांच्या 'मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा' (१९२९) या चित्रपटात त्यांच्या पत्नी आणि संकलक एलिझावेता स्विलोवा टेबलाशी बसून फिती निवडताना दिसतात. त्याच स्विलोवा यांनी पुढे १९४५ मध्ये ऑश्वित्झ छळछावणीवरील अनुबोधपट दिग्दर्शित केला. संकलनाकडून अनुबोधपटाच्या दिग्दर्शनाकडे जाणारी ही वाट, तेव्हा, एकट्या शूब यांची नव्हती. ती पहिल्यांदा ठसठशीतपणे मळली मात्र त्यांनी.

साठ हजार मीटर

फेब्रुवारी क्रांतीला १९२७ मध्ये दहा वर्षे पूर्ण होत होती. त्या निमित्ताने जुन्या वृत्तपटांतूनच झारशाहीच्या अखेरच्या काळाचे चित्र उभे करावे, अशी शूब यांची कल्पना होती. १९२६ च्या उत्तरार्धात त्या लेनिनग्राडला गेल्या. सुमारे दोन महिन्यांत त्यांनी तेथे साठ हजार मीटर लांबीची फीत पाहिली. मूकपटाच्या गतीने दाखवावयाची म्हटली तर एवढी फीत सुमारे पन्नास तास चालेल. तिच्यातून पाच हजार दोनशे मीटर निवडून त्या मॉस्कोला परतल्या आणि त्यातून 'रोमानोव्ह घराण्याचा पाडाव' हा दीड तासाच्या आसपास चालणारा चित्रपट तयार झाला. मार्च १९२७ मध्ये तो प्रदर्शित झाला.

या आकड्यांकडे केवळ परिश्रमाचा पुरावा म्हणून पाहू नये. ही फीत कोणत्याही संग्रहालयात क्रमवार लावून ठेवलेली नव्हती. त्या काळची फीत नायट्रेटची, चटकन पेट घेणारी आणि ओल लागली की नासणारी. कोणत्या डब्यात काय आहे, ते कोठे आणि केव्हा चित्रित झाले, त्यात दिसणारी माणसे कोण, हे बहुतेक वेळा फीत पाहूनच ठरवावे लागे. झारच्या दरबारी छायालेखकांनी टिपलेली राजघराण्याची खासगी दृश्येही या साठ्यात होती. म्हणजे शूब यांना आधी ग्रंथपाल, मग इतिहाससंशोधक आणि त्यानंतर संकलक व्हावे लागले. अप्रकाशित कागदपत्रांचे दप्तर प्रथमच उघडणाऱ्या इतिहासकाराचे काम आणि हे काम यांत मूलतः फरक नाही. चित्रफीत हा इतिहासाचा प्राथमिक साधनग्रंथ आहे, ही जाणीव आज सर्वमान्य असली तरी १९२६ साली ती नवी होती.

येथे महाराष्ट्राच्या संदर्भात एक गोष्ट नमूद करणे अप्रस्तुत ठरणार नाही. केंब्रिजचे सीनियर रँग्लर रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे डिसेंबर १९०१ मध्ये मुंबईस परतले, तेव्हा हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी त्यांच्या स्वागताचे चित्रण केले होते. भारतीय वृत्तपटाचा तो आरंभ मानला जातो. ती फीत आज उपलब्ध नाही. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते १९६४ मध्ये, म्हणजे तोपर्यंत साठ वर्षांहून अधिक काळ निघून गेला होता. शूब यांच्यासारखी संकलक आपल्याकडे त्या आधी निर्माण झाली असती तरी तिने कोणते डबे उघडले असते, हा प्रश्नच आहे.

मझुर्का आणि घाम

'रोमानोव्ह घराण्याचा पाडाव' मधील एक प्रसंग चित्रपटाच्या इतिहासग्रंथांतून वारंवार उल्लेखिला जातो. जहाजाच्या डेकवर उमराव घराण्यांतील स्त्री-पुरुष मझुर्का नाचत आहेत. महोदय आणि महोदया घाम येईपर्यंत नाचल्या, अशा आशयाची पाटी येते. लगेच पुढे खणतीचे काम करणारे, घामाघूम झालेले शेतकरी-मजूर दिसतात. एका शब्दाच्या आधारावर दोन जगांची गाठ घातलेली आहे. उपरोध बिनतोड आहे आणि प्रेक्षक हसतोही.

परंतु या प्रसंगाची जितकी स्तुती झाली तितकी त्याची चिकित्सा झाली नाही. नाच कोणत्या दिवशीचा, खणती कोणत्या प्रांतातली, यांचा परस्परांशी काळाचा वा स्थळाचा काही संबंध नाही. संबंध आहे तो केवळ पाटीवरील शब्दाचा. दोनशे परदेशी चित्रपटांवर जी युक्ती वापरली तीच येथे पुन्हा वापरली आहे. 'वस्तुस्थितीचा चित्रपट' म्हणून ज्याची प्रतिष्ठा झाली, त्याच्या सर्वांत गाजलेल्या जागी वस्तुस्थितीपेक्षा रचनाकौशल्य अधिक आहे. हा दोष मान्य करूनच पुढे जावे लागते.

या चित्रपटाचे खरे सामर्थ्य अन्यत्र आहे आणि ते कमी लक्षात येते. शूब दृश्य लवकर कापत नाहीत. १९१३ मध्ये रोमानोव्ह घराण्याच्या सत्तेला तीनशे वर्षे झाली, त्या निमित्ताने निघालेल्या मिरवणुकीची दृश्ये पाहावीत. धर्मगुरू, अधिकारी, राजपरिवार रांगेने येत राहतात. आयझेनस्टाइन किंवा व्हर्तोव्ह यांनी अशा दृश्याचे वीस तुकडे केले असते. शूब ते चालू ठेवतात. पाहणाऱ्याला दृश्यात रेंगाळण्यास, मुख्य व्यक्तीवरून नजर हटवून कडेला पाहण्यास वेळ मिळतो. दरबारी छायालेखकाने ते दृश्य भक्तिभावाने टिपले होते. त्यात एक पाटीही न घालता, केवळ पुरेसा वेळ दिल्यामुळे त्या वैभवातला पोकळपणा आपोआप वर येतो. वस्तुस्थिती दाखवणे पुरेसे नाही, ती तपासून पाहण्याची आणि मनात ठेवण्याची संधी प्रेक्षकाला मिळाली पाहिजे, असे मत शूब यांनी त्या काळच्या चर्चेत मांडले होते. त्यांच्या संकलनात हे मत दृश्याच्या लांबीच्या रूपाने उतरलेले आहे.

कापल्याने दृश्याचा अर्थ किती सहज फिरतो, हे ज्या व्यक्तीला सर्वांत जास्त माहीत होते तिनेच न कापण्याचा संयम पाळला, ही बाब विचारात घेण्यासारखी आहे. मझुर्काच्या प्रसंगात हा संयम सुटतो; मिरवणुकीत तो टिकतो. चित्रपटभर ही ओढाताण चालू राहते आणि तीमुळेच शंभरावे वर्ष जवळ आले तरी तो जिवंत वाटतो.

याच वर्षी क्रांतीच्या दशकपूर्तीसाठी आयझेनस्टाइन 'ऑक्टोबर' चे चित्रण करीत होते. त्यातील हिवाळी राजवाड्यावरील हल्ल्याचा देखावा हजारो लोकांना घेऊन नव्याने उभा केलेला होता. पुढील काळात त्याच देखाव्यातील दृश्ये अनेकदा १९१७ ची अस्सल दृश्ये म्हणून वापरली गेली. उभारलेले दृश्य पुरावा म्हणून खपले आणि शूब यांनी धुंडाळलेला पुरावा मात्र संकलकाची 'जोडाजोड' म्हणून गणला गेला.

कर्तृत्वाचा प्रश्न

हे 'गणले जाणे' केवळ समीक्षेतले नव्हते. चित्रपट जुन्या वृत्तपटांचा बनलेला असल्याने 'सोव्हकिनो' या संस्थेने शूब यांना कर्त्याचा हक्क आणि त्यानुसार मिळणारे मानधन नाकारले. १९२७ च्या ऑक्टोबरात सोव्हकिनोच्या धोरणावर झालेल्या जाहीर वादसभेत मायकोव्हस्की यांनी यावरून संस्थेला धारेवर धरले. दुसऱ्याच्या ग्रंथांतून उतारे निवडून नवा इतिहास लिहिणाऱ्याला लेखक म्हणावयाचे आणि दुसऱ्याच्या फितींतून दृश्ये निवडून इतिहास उभा करणाऱ्याला मजूर म्हणावयाचे, यातली विसंगती कवीच्या लक्षात आली. व्यवस्थापनाच्या आली नाही. 'नवा लेफ' या नियतकालिकाच्या गटातील ओसिप ब्रिक यांनीही शूब यांची बाजू घेतली. दृश्य कोठून आले याचा पत्ता लागू न देता ते आपल्या लयीत विरघळवून टाकण्याची व्हर्तोव्ह यांची रीत आणि दृश्याचे स्थळकाळ जपण्याची शूब यांची रीत यांत त्यांनी दुसरीला प्राधान्य दिले. ही तुलना व्हर्तोव्ह यांच्यावर अन्याय करणारी आहे, परंतु शूब यांच्या पद्धतीचे वेगळेपण तीत नेमके पकडले गेले आहे.

येथे एक प्रतिप्रश्न उपस्थित होतो. संकलकाला कर्तृत्व द्यावयाचे तर ज्याने प्रत्यक्ष दृश्य टिपले त्या छायालेखकाचे काय? झारच्या छायालेखकाने आपल्या धन्याच्या गौरवासाठी जे टिपले, ते त्याच धन्याच्या निंदेसाठी वापरले गेले. त्याचा हेतू उलटवण्यात आला. या प्रश्नाचे समाधानकारक उत्तर शूब यांच्या कृतीत मिळत नाही आणि कदाचित या प्रकारच्या कोणत्याच चित्रपटात मिळणार नाही. मात्र यातून एक गोष्ट स्पष्ट होते : संकलकाचे कर्तृत्व दृश्याच्या मालकीत नाही, वाचनात आहे. टिपणाऱ्याला जे दाखवावयाचे होते त्यापलीकडे त्या फितीत काय उमटले आहे हे पाहणारी नजर म्हणजे शूब यांच्यातला दिग्दर्शक.

ही नजर संकलनातून घडते याला भारतातही दाखला आहे. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संकलनाचे शिक्षण घेतलेल्या रीना मोहन यांनी दिग्दर्शक म्हणून 'कमलाबाई' (१९९२) हा अनुबोधपट केला. दादासाहेब फाळके यांच्या 'मोहिनी भस्मासुर' (१९१३) मध्ये आपल्या आई दुर्गाबाई कामत यांच्यासह काम केलेल्या कमलाबाई गोखले या त्याचा विषय आहेत. ज्यांच्या तारुण्यातल्या कामाच्या फिती हाती उरलेल्या नाहीत अशा वृद्ध अभिनेत्रीवरचा हा चित्रपट एका संकलकाने केला, हा योगायोग मानण्याचे कारण नाही. जे उरले नाही त्याची किंमत त्या कक्षात बसणाऱ्याला अधिक कळते.

स्वतःच्याच बाजूची फीत

१९२७ च्या अखेरीस शूब यांचा दुसरा चित्रपट 'महान मार्ग' आला. १९१७ ते १९२७ या दहा वर्षांचा हा आढावा होता. १९२८ मध्ये निकोलस दुसरा आणि टॉलस्टॉय यांच्या काळातील रशियावरचा चित्रपट आला. टॉलस्टॉयची प्रत्यक्ष दृश्ये फारच थोडी उपलब्ध असल्याने तोही मुख्यतः काळाचे चित्रण ठरला. या तीन चित्रपटांना मिळून एक त्रयी मानण्याचा प्रघात आहे. वस्तुतः त्यांपैकी 'महान मार्ग' इतर दोहोंपासून निराळा आहे आणि तो सर्वांत दुबळाही आहे.

याचे कारण सामग्रीच्या तुटवड्यात शोधण्याची गरज नाही. झारच्या फितीकडे शूब विरोधी पक्षातून पाहत होत्या. फितीचा हेतू एक आणि त्यांचा हेतू दुसरा, यांतील अंतरामुळे अर्थ निर्माण होत होता. क्रांतीनंतरची फीत मात्र त्यांच्याच बाजूच्या लोकांनी, त्यांच्याच सरकारसाठी टिपलेली होती. तिच्याकडे उलट नजरेने पाहणे शक्य नव्हते आणि शूब यांना ते बहुधा अभिप्रेतही नव्हते. त्यामुळे त्यांच्यातील वाचक थांबतो आणि उरतो तो व्यवस्थित मांडणी करणारा कारकून. त्याच सुमारास 'ऑक्टोबर' मधून ट्रॉट्स्की यांची दृश्ये आयझेनस्टाइन यांना काढून टाकावी लागली, हे लक्षात घेता संकलनाच्या कात्रीला या काळात कोणते काम नेमून दिले जात होते ते सहज कळते. परदेशी चित्रपट 'योग्य' करण्यापासून सुरू झालेला प्रवास स्वतःचा इतिहास 'योग्य' करण्यापर्यंत येऊन पोहोचला होता.

तथापि एका चित्रपटात शूब यांनी या कोंडीतून वाट काढली. तो १९३२ चा, द्नीपर नदीवरील वीजनिर्मितीच्या उभारणीत तरुण कम्युनिस्टांनी घेतलेल्या सहभागावरचा बोलपट. विषय सर्वस्वी सरकारी आहे. पण या वेळी जुनी फीत हाताशी नव्हती. शूब यांना प्रत्यक्ष चित्रण करावे लागले, तेही ध्वनीसह. चित्रपटाच्या आरंभीच ध्वनिमुद्रणाचे सभागृह, थेरेमिन हे नवे विद्युत्-वाद्य आणि ध्वनिमुद्रणाची यंत्रसामग्री दिसते. आपण पाहतो-ऐकतो ते कसे तयार झाले हे प्रेक्षकापासून लपवलेले नाही. भाषणे करणाऱ्यांचे अडखळणे, कॅमेऱ्याकडे पाहणे, प्रकाशझोतात बावरणे हे सारे ठेवलेले आहे. कोणत्याही नवख्या दिग्दर्शकाने ते काढून टाकले असते. ते ठेवण्याइतका आत्मविश्वास वर्षानुवर्षे दुसऱ्यांचे टाकाऊ तुकडे पाहिलेल्या संकलकालाच असू शकतो. माणसे आणि त्यांचा आवाज एकाच वेळी, घडले त्या जागी पकडण्याचा जो आग्रह अनुबोधपटात १९६० नंतर सार्वत्रिक झाला, त्याची चाहूल येथे लागते.

असा दुसरा चित्रपट त्यांना करता आला नाही. स्त्रियांच्या जीवनावरील एका अनुबोधपटाचे संहितालेखन त्यांनी केले; त्याची निर्मिती झाली नाही. १९३३ ते १९३५ या काळात मॉस्कोच्या चित्रपट-शिक्षणसंस्थेत आयझेनस्टाइन यांच्या वर्गात त्यांनी संकलन शिकविले, म्हणजे एकेकाळचा शिष्य आता वर्गाचा प्रमुख होता. रोमान कारमेन आणि बोरिस माकासेयेव्ह यांनी स्पेनच्या यादवी युद्धात जिवावर उदार होऊन टिपलेल्या फितींतून १९३९ मध्ये त्यांनी 'स्पेन' हा चित्रपट रचला. तोपर्यंत तेथील प्रजासत्ताक कोसळले होते. त्यात पराभूत शहरांची आणि रस्त्याने निघालेल्या निर्वासितांची दृश्ये आहेत आणि निवेदनाचा चढा सूर त्यांना पेलत नाही. दुसऱ्या महायुद्धात १९४२ पासून त्या नियमित वृत्तपटाच्या मुख्य संकलक झाल्या. ज्या कामापासून आरंभ केला होता त्याच कामावर, अधिक मोठ्या पदावर, त्या परत आल्या.

अमेरिकन अभ्यासक जे लेडा यांनी १९६४ मध्ये जुन्या फितींतून नवे चित्रपट घडविण्याच्या प्रकारावर स्वतंत्र ग्रंथ लिहिला आणि त्यात शूब यांना मध्यवर्ती स्थान दिले. ते पाहण्यास त्या हयात नव्हत्या. २१ सप्टेंबर १९५९ रोजी मॉस्को येथे त्यांचे निधन झाले. त्याच वर्षी त्यांच्या आठवणींचे पुस्तक प्रसिद्ध झाले होते आणि त्याला त्यांनी 'क्लोज-अप' अशा अर्थाचे नाव दिले होते.